पोतसंग्रह, संगणकीय

पोतसंग्रह, संगणकीय : संगणकाच्या पडद्यावर रेखाटलेल्या वस्तूच्या पृष्ठभागास दगड, लाकूड, कापड, माती, धातू इ. पदार्थांचे रूप देण्यासाठी जे तयार नमुने वापरतात, त्यांच्या सुव्यवस्थित साठ्यास संगणकीय पोतसंग्रह म्हणतात. हा साठा धारिकांच्या, म्हणजे फाईलींच्या, स्वरूपात असतो. त्यात पृष्ठभागांची चित्रे, रंगविण्याचे कुंचले, आवर्ती नमुने व पदार्थांच्या गुणधर्मांची वर्णने यांचा समावेश होतो. ही सामग्री वाचून तिचा उपयोग करणारे आज्ञावलींचे संचही व्यापक अर्थाने त्यातच मोडतात. अशा नमुन्यांच्या साहाय्याने त्रिमितीय आकृतीवर, प्रत्यक्ष वस्तूवर कुंचला फिरवावा त्याप्रमाणे, पोत चढविण्याच्या क्रियेस पोतचित्रण ही संज्ञा आहे. चित्रपटांतील आभासी दृश्ये, संगणकीय खेळ, नियोजित इमारतींची चित्रे, कापडावरील आकृतिबंध आणि भग्न वास्तूंची पुनर्रचना या कामी पोतचित्रणाचा उपयोग करतात.

मराठीत पोत हा शब्द मुख्यतः कापड व जमीन यांच्या संदर्भात रूढ आहे. कापडाचा पोत बोटांना कळतो, तसाच तो डोळ्यांनाही कळतो. कारण धाग्यांच्या उंचसखलपणामुळे प्रकाश सर्वत्र सारखा परावर्तित होत नाही. संगणकीय आलेखिकीत वस्तूचा आकार आणि तिचा पृष्ठभाग यांचा विचार वेगवेगळा करतात. आकार हा लहान लहान त्रिकोणांच्या वा चौकोनांच्या जाळीने दर्शविला जातो. नुसत्या जाळीने काढलेली भिंत मेणाच्या वा खडूच्या ठोकळ्यासारखी दिसते. तिच्यावर काळ्या पाषाणाचा पोत चढविला की ती किल्ल्याची भिंत होते आणि शेणमातीचा चढविला की कुडाचे घर होते. जाळी तीच राहते, बदलतो तो पोत. प्रेक्षक दृश्यातील स्थळ व काळ बव्हंशी पृष्ठभागावरून ओळखतो. म्हणून पोतसंग्रहात कोणते नमुने आहेत व ते कोठून घेतले आहेत, हा प्रश्न केवळ तांत्रिक राहत नाही.

पूर्वपीठिका : एकच नमुना पुन्हा पुन्हा उमटवून मोठा पृष्ठभाग भरण्याची युक्ती संगणकापूर्वीची आहे. कापडावर लाकडी ठशांनी छपाई करणारा कारागीर ठशाच्या कडा एकमेकींशी जुळतील असेच कोरकाम करून घेतो. अन्यथा कापडभर सांधे दिसतात. दख्खनमध्ये सतराव्या शतकात अबरी कागदाची कला भरभराटीस आली होती. चिकट द्रवावर रंग तरंगवून, ते हलवून, त्यांचा ठसा कागदावर घेण्याची ही रीत होय. तीत नमुना हाताने रेखाटला जात नाही, तर एका नियंत्रित प्रक्रियेतून आपोआप निर्माण होतो. संगणकीय पोतांचे दोन मुख्य प्रकार, म्हणजे टिपून घेतलेले व गणिताने निर्माण केलेले, या दोन जुन्या कलांशी तत्त्वतः मिळतेजुळते आहेत. छापील पोतसंग्रहांत फिल ब्रोडाट्स यांचा १९६६ साली प्रसिद्ध झालेला छायाचित्रसंग्रह महत्त्वाचा ठरला. चित्रकार व आकृतिबंधकार यांच्यासाठी काढलेल्या ह्या पुस्तकातील गवत, वाळू, विणकाम, झाडाची साल इत्यादींची छायाचित्रे पुढे प्रतिमा-विश्लेषणाच्या संशोधनात कसोटीचे नमुने म्हणून जगभर वापरली गेली.

इतिहास : संगणकावर कुंचल्याप्रमाणे रंगविण्याची एक आद्य प्रणाली रिचर्ड शाउप यांनी १९७३ मध्ये अमेरिकेतील झेरॉक्स कंपनीच्या पालो आल्टो येथील संशोधन केंद्रात सिद्ध केली. वक्र पृष्ठभागावर चित्र चढविण्याची पद्धत एडविन कॅटमल यांनी यूटा विद्यापीठास १९७४ मध्ये सादर केलेल्या प्रबंधात मांडली. जेम्स ब्लिन व मार्टिन न्यूएल यांनी १९७६ मध्ये तिचा विस्तार करून परावर्तित प्रतिमाही पृष्ठभागावर दाखविल्या. जाळीचा आकार न बदलता, पृष्ठभागाच्या लंबाची दिशा किंचित कलती धरून सुरकुत्या व खळगे यांचा आभास निर्माण करता येतो, हे ब्लिन यांनी १९७८ मध्ये दाखवून दिले. दूरच्या पृष्ठभागावरील पोत चमचमू नये म्हणून एकाच चित्राच्या उत्तरोत्तर निम्म्या मापाच्या प्रती आधीच करून ठेवण्याची कल्पना लान्स विल्यम्स यांनी १९८३ मध्ये प्रसिद्ध केली. संगमरवर, ढग, लाकूड यांसारखे पोत छायाचित्राशिवाय केवळ गणिती फलनाने निर्माण करण्याची केन पर्लिन यांची पद्धत १९८५ मध्ये पुढे आली.

रंगविलेले पोत तोवर बहुधा सपाट चित्रावर तयार करून मग आकृतीवर चढवीत असत. पॅट हॅनराहन व पॉल हेबर्ली यांनी १९९० मध्ये थेट त्रिमितीय आकृतीवरच रंगविण्याची पद्धत वर्णिली आणि पोतचित्रणास आजचे स्वरूप प्राप्त झाले. कॅटमल व हॅनराहन यांना त्रिमितीय आलेखिकीतील मूलभूत कार्याबद्दल २०१९ चा ट्युरिंग पुरस्कार विभागून देण्यात आला. दरम्यान सपाट चित्रांसाठी फोटोशॉप (१९९०) व जिंप (१९९५-९६) या आज्ञावली प्रचारात आल्या. त्रिमितीय कामाची ब्लेंडर ही आज्ञावली २००२ मध्ये मुक्त परवान्याखाली सर्वांस खुली झाली. न्यूझीलंडमधील वेटा डिजिटल या संस्थेत अवतार (२००९) या चित्रपटाच्या कामासाठी मारी ही खास पोतचित्रणाची आज्ञावली घडविण्यात आली. फ्रान्समधील अ‍ॅलेगोरिदमिक कंपनीची सब्स्टन्स पेंटर ही आज्ञावली २०१४ पासून उपलब्ध झाली. ही कंपनी २०१९ मध्ये अडोबी कंपनीने विकत घेतली. [⟶ संगणक].

तत्त्व : त्रिमितीय आकृतीवर सपाट चित्र बसविण्यासाठी प्रथम आकृतीची जाळी ठिकठिकाणी उसवून पसरली जाते. शिंपी अंगरख्याचे कापड बेतताना जसे वेगवेगळे तुकडे सपाट मांडतो, तशीच ही क्रिया आहे. पसरलेल्या जाळीवरील प्रत्येक बिंदूस दोन सहनिर्देशक मिळतात. त्यांना रूढीने यू व व्ही म्हणतात व त्यांची मूल्ये सामान्यतः ० ते १ यांच्या दरम्यान असतात. आकृतीवरील एखाद्या बिंदूचा रंग ठरविताना संगणक त्या बिंदूचे सहनिर्देशक घेतो व पोतचित्रात त्याच स्थानी असलेल्या चित्रबिंदूचा रंग वाचतो. मोठ्या आकृतीस एक चित्र पुरत नाही. तेव्हा अनेक चित्रे चौकटीत मांडून त्यांना क्रमांक देतात. एका रूढ पद्धतीत पहिल्या चौकटीचा क्रमांक १००१ असतो. उजवीकडे सरकताना तो एकाने व वर सरकताना दहाने वाढतो. जाळी उसविण्याची गरजच राहू नये, यासाठी डिस्नीच्या चित्रपट-विभागातील ब्रेंट बर्ली व डिलन लेसवेल यांनी २००८ मध्ये जाळीच्या प्रत्येक चौकोनास स्वतंत्र लहान पोत देणारी पद्धती मांडली.

पोताची सूक्ष्मता चित्रबिंदूंच्या संख्येवर अवलंबून असते. २ मी. रुंदीची भिंत ४,०९६ चित्रबिंदू रुंदीच्या चित्रात टिपली, तर एक चित्रबिंदू सु. ०·५ मिमी. एवढा पृष्ठभाग दर्शवितो. टाकीच्या घावांसाठी तो पुरेसा आहे, परंतु दगडातील बारीक स्फटिकांसाठी नाही. अशा ४,०९६ × ४,०९६ मापाच्या चित्रात १,६७,७७,२१६ चित्रबिंदू असतात. प्रत्येकास ४ बाइट दिल्यास ६,७१,०८,८६४ बाइट स्मृती लागते आणि निम्म्या निम्म्या मापाच्या प्रती धरल्यास तीत आणखी सु. एक-तृतीयांश भर पडते. एका पदार्थासाठी अशी पाच-सहा चित्रे लागत असल्याने संग्रहाची मांडणी करताना काटकसर हा महत्त्वाचा विचार असतो.

धारिकांचे प्रकार : पोतसंग्रहातील धारिकांचे चार प्रमुख वर्ग करता येतात. (१) चित्र-धारिका : एका पदार्थासाठी एकच चित्र पुरत नाही, त्याचा एक संच असतो. मूलरंगाच्या चित्रात सावल्या व चकाकी वगळून केवळ पदार्थाचा रंग असतो. खडबडीतपणाचे चित्र प्रकाश किती विखुरला जातो हे सांगते. धातुतेच्या चित्रात धातू व अधातू हा भेद असतो. उंचसखलतेचे चित्र करड्या छटांनी खोली दाखविते. लंबदिशेच्या चित्रात लंबाचे तीन घटक तांबडा, हिरवा व निळा या तीन रंगांच्या रूपाने साठविलेले असतात. पूर्ण सपाट पृष्ठभागासाठी ही मूल्ये सु. १२८, १२८ व २५५ येतात. म्हणून ही चित्रे नेहमी फिकट जांभळट निळी दिसतात. छायाचित्रासारख्या रंगचित्रांस जेपेग वा पीएनजी ही स्वरूपे चालतात. उंचसखलतेस मात्र अधिक बिटांचे पीएनजी, टिफ किंवा ओपन-ईएक्सआर हे स्वरूप वापरतात, कारण ८ बिटांत केवळ २५६ पायऱ्या मिळतात व उतारावर पायऱ्या पडलेल्या दिसतात.

(२) कुंचला व नमुना-धारिका : फोटोशॉपच्या कुंचल्यांची धारिका एबीआर नावाची असून जिंपच्या कुंचल्यांची जीबीआर व नमुन्यांची पॅट या नावाची असते. जिंपच्या या दोन्ही स्वरूपांची रचना साधी व जाहीर आहे. नमुना-धारिकेच्या प्रारंभी मथळ्याची लांबी, आवृत्ती, रुंदी, उंची, प्रत्येक चित्रबिंदूस लागणारे बाइट आणि ओळखचिन्ह असे ४ बाइटांचे सहा आकडे, म्हणजे एकूण २४ बाइट असतात. त्यानंतर नमुन्याचे नाव येते व पुढे चित्रबिंदू ओळीने मांडलेले असतात. नाव यूटीएफ-८ या संकेतात लिहिले जात असल्याने ते देवनागरीतही देता येते. उदा., ‘घोंगडी’ या शब्दात सहा संकेतचिन्हे असून प्रत्येकास ३ बाइट लागतात. अखेरच्या शून्यासह नाव १९ बाइटांचे व मथळा ४३ बाइटांचा होतो. २५६ × २५६ मापाच्या तीनरंगी नमुन्याची संपूर्ण धारिका मग १,९६,६५१ बाइटांची होते. कुंचला-धारिकेत यांखेरीज दोन ठशांमधील अंतराचाही आकडा असतो. मायपेंट या आज्ञावलीच्या कुंचल्यात मात्र चित्र नसते. तेथे ठशाचा आकार, गडदपणा, विखुरणे इ. गोष्टी लेखणीचा दाब व वेग यांनुसार कशा बदलाव्यात याचे वर्णन मजकुराच्या रूपात असते. क्रिता या आज्ञावलीत कुंचले, नमुने व रंगपट एकत्र बांधून एकच गठ्ठा-धारिका करता येते.

(३) पदार्थवर्णन-धारिका : कोणते चित्र कोणत्या गुणधर्मासाठी वापरावे व त्यांची सांगड कशी घालावी, हे या धारिका सांगतात. ल्यूकसफिल्म या संस्थेत २०१२ पासून घडविलेले व २०१७ मध्ये मुक्त केलेले मटीरिअल-एक्स हे स्वरूप या वर्गातील होय. निरनिराळ्या आज्ञावलींमध्ये एकाच पदार्थाची देवाणघेवाण करता यावी, हा त्याचा उद्देश आहे. ब्लेंडरमध्ये आवृत्ती ३·० (डिसेंबर २०२१) पासून पदार्थ, आकृती इत्यादींवर संग्रहातील वस्तू अशी खूण करून त्यांचे वर्गवार दालन मांडता येते. (४) आज्ञासंच : धारिका वाचणे, लिहिणे व ठसा उमटविणे यांसाठीचे हे आज्ञावलींचे संच निरनिराळ्या अनुप्रयोगांत समाईक असतात. लिबमायपेंट या संचामुळे मायपेंटचे कुंचले जिंपमध्ये आवृत्ती २·१० (२०१८) पासून चालू लागले. या वर्गास आणि आधीच्या तीन वर्गांस इंग्रजीवरून ‘लायब्ररी’ हा एकच शब्द लावतात, त्यामुळे गोंधळ होतो. पहिल्या तीन वर्गांत सामग्री असते, तर चौथ्यात ती हाताळण्याचे कौशल्य असते.

चित्रणाची क्रिया : कुंचल्याचा सलग दिसणारा फटकारा प्रत्यक्षात जवळजवळ उमटविलेल्या ठशांची मालिका असते. ठशांमधील अंतर कुंचल्याच्या रुंदीइतके ठेवल्यास मण्यांची माळ दिसते. ते रुंदीच्या सु. एक-दशांश केल्यास रेघ सलग भासते. दाब ओळखणारी लेखणी वापरल्यास ठशाची रुंदी व गडदपणा हाताच्या दाबाप्रमाणे बदलतो. पोत रंगविताना संग्रहातील चित्र आकृतीसमोर पारदर्शक पडद्याप्रमाणे धरून त्याचा हवा तो भागच कुंचल्याने आकृतीवर उतरविता येतो. निरनिराळ्या पदार्थांचे थर एकावर एक ठेवून कोणता थर कोठे दिसावा हे वेगळ्या करड्या आवरणाने ठरवितात. त्यामुळे भिंतीवरील शेवाळ वा काजळी मूळ दगडास धक्का न लावता वाढविता किंवा पुसता येते.

या कामी काही दोष वारंवार आढळतात. उसविलेल्या तुकड्यांच्या कडेबाहेर रंग थोडा पसरू दिला नाही, तर सांध्यांवर पांढऱ्या वा काळ्या रेघा उमटतात. मूलरंगाचे चित्र डोळ्याच्या संवेदनेस अनुरूप अशा वक्र प्रमाणात साठविलेले असते. लंबदिशा व खडबडीतपणा यांची चित्रे म्हणजे मोजमापे असल्याने ती सरळ प्रमाणातच वाचावी लागतात. हा भेद न पाळल्यास दगड तेलकट दिसू लागतो. लंबदिशेच्या चित्रातील हिरव्या घटकाचा अर्थ दोन प्रचलित पद्धतींत परस्परविरुद्ध असतो. चुकीची पद्धत निवडल्यास खळगे उंचवटे भासतात. चित्र-धारिका बहुधा मुख्य धारिकेच्या बाहेर असून तिच्यात केवळ त्यांचा पत्ता नोंदलेला असतो. दप्तराची जागा बदलली की पत्ता खोटा ठरतो, आणि ब्लेंडरमध्ये असा हरवलेला पोत भडक गुलाबी रंगाने दाखविला जातो.

नमुना टिपण्याची पद्धत : प्रत्यक्ष पृष्ठभागावरून पोत तयार करण्याची रीत अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर, नामांतर २०२४) परिसराच्या उदाहरणाने स्पष्ट करता येईल. शहराच्या उत्तरेस मनमाड रस्त्यालगत सावेडी हे मोठे उपनगर आहे. सिमेंटचा गिलावा, शहाबादी फरशी, पन्हळी पत्रे व काळ्या दगडाची कुंपणे हे तेथील नित्याचे पृष्ठभाग होत. तेथून काही किलोमीटरांच्या परिसरात निजामशाहीकालीन वास्तूंचे पृष्ठभाग आढळतात. सोळाव्या शतकात हुसेन निजामशाहाने दगडात बांधून काढलेला भुईकोट किल्ला, अहमद निजामशाहाची काळ्या पाषाणातील कबर असलेला बाग रोझा, नाजूक कोरीवकामाची दमडी मशीद आणि चुन्याच्या गिलाव्याचे अवशेष असलेला फराहबाग या वास्तू त्यांत प्रमुख आहेत. म्हणजे एकाच गावात बेसॉल्ट खडकाचे ओबडधोबड, घडीव, कोरीव व गिलावा केलेले असे सर्व प्रकारचे पृष्ठभाग टिपण्यास मिळतात. [⟶ बेसाल्ट].

घडीव दगडाच्या भिंतीचा नमुना टिपताना दिवस ढगाळ असावा लागतो. उन्हात दगडाच्या सावल्या मूलरंगात शिरतात व पुढे दृश्यातील दिव्यांशी विसंगत ठरतात. कॅमेऱ्याचे भिंग भिंतीस लंब ठेवतात. पहिल्या छायाचित्रात मोजपट्टी व रंगतक्ता धरतात. खोली मिळविण्यासाठी कॅमेरा थोडा थोडा सरकवीत, शेजारच्या दोन छायाचित्रांत निम्म्याहून अधिक भाग समाईक राहील अशी अनेक छायाचित्रे घेतात. संगणक त्यांतील समान बिंदू जुळवून पृष्ठभागाचा त्रिमितीय आकार काढतो व त्यावरून उंचसखलता आणि लंबदिशा यांची चित्रे मिळतात. बेसॉल्ट अधातू असल्याने धातुतेचे मूल्य शून्य ठेवतात. लंबरूप पडणाऱ्या प्रकाशाचा सु. ४% भाग असे पदार्थ पृष्ठभागावरूनच परत फेकतात, असे सामान्यतः धरले जाते. ओल्या दगडाचा रंग गडद व पृष्ठभाग गुळगुळीत भासतो, म्हणून पावसाळ्यातील व उन्हाळ्यातील नमुने वेगळे नोंदविणे इष्ट ठरते.

नमुन्याच्या कडा जुळविण्यासाठी ४,०९६ चित्रबिंदूंचे चित्र आडवे व उभे २,०४८ ने सरकवितात. मग मूळच्या कडा मध्यभागी येतात आणि तेथील सांधा शेजारच्या भागाची नक्कल करून बुजविता येतो. दगडी बांधकामात थरांची संख्या पूर्णांकात बसेल असाच भाग निवडावा लागतो. अन्यथा वरचा अर्धा थर खालच्या अर्ध्या थराशी जुळत नाही. दुसरी अडचण पुनरावृत्तीची असते. येथील बेसॉल्टमधील पोकळ्या पुष्कळदा पांढऱ्या झिओलाइट खनिजांनी भरलेल्या असतात. असा एक ठळक ठिपका २ मी. रुंदीच्या नमुन्यात राहिला, तर २० मी. भिंतीवर तो समान अंतराने दहा वेळा दिसतो आणि भिंत खोटी असल्याचे ताबडतोब उघड होते. म्हणून असे ठळक विशेष नमुन्यातून काढून त्यांचे वेगळे ठसे करतात व ते चित्रणाच्या वेळी हाताने विखरून उमटवितात.

महाराष्ट्रातील पृष्ठभाग व त्यांचे वेगळेपण : सर्व पृष्ठभाग दगडाइतके सुलभ नसतात. पैठण व येवले येथील पैठणीत ताणा एका रंगाचा व बाणा दुसऱ्या रंगाचा ठेवून धूपछाव साधतात. पाहण्याचा कोन बदलताच रंगही बदलतो. अशा वस्त्राचा कोणताही एक मूलरंग खरा नसतो. त्याच्या नमुन्यात दोन्ही धाग्यांचे रंग, विणीची दिशा व कोनानुसार होणारा बदल यांची स्वतंत्र नोंद करावी लागते. जरीचा काठ धातूचा व अंगाचा भाग रेशमाचा असल्याने धातुतेचे चित्रही अचूक हवे. घोंगडीचा प्रश्न निराळा आहे. तिच्या लोकरीचे तंतू पृष्ठभागाबाहेर आलेले असतात, त्यामुळे तिच्या कडेवर प्रकाशाची मंद झालर दिसते व ती सपाट चित्राने साधत नाही. शेणाने सारवलेल्या जमिनीवर हाताच्या फिरकीचे अर्धवर्तुळाकार ठसे असतात. ते आवर्ती नमुन्यापेक्षा कुंचल्याने उमटविणेच सयुक्तिक होय. नगर जिल्ह्यासारख्या कमी पावसाच्या प्रदेशातील माळवदाची मातीची छपरे, चुन्याचा घोटीव गिलावा, गेरूने रंगविलेली कुडाची भिंत व तीवरील तांदळाच्या पिठाची वारली चित्रे यांचेही असेच स्वतःचे गुणधर्म आहेत.

संग्रह करणारा आपल्या आसपासचे पृष्ठभाग प्रथम टिपतो. त्यामुळे संग्रह जेथे तयार झाला, तेथील माती, विटा व झाडे त्यात अधिक असणे स्वाभाविक आहे. हवा तो नमुना न मिळाल्यास चित्रकार त्याच्या जवळपास दिसणारा नमुना वापरतो. मग दख्खनच्या गढीस परदेशी विटांची भिंत येते, वाड्याच्या ओसरीवर फळ्यांची जमीन दिसते आणि पाठ्यचित्रपटात वा संग्रहालयात अशी दृश्ये दाखविली गेल्यास पाहणारा त्यांस पुरावा मानतो. आकाराची चूक जाणकाराच्या नजरेस येते; पोताची चूक मात्र बहुधा कोणी तपासत नाही. दुसऱ्या बाजूस, मूळ पृष्ठभागच नाहीसे होत आहेत. मातीच्या माळवदाची जागा सिमेंटच्या छताने, चुन्याच्या गिलाव्याची सिमेंटच्या गिलाव्याने व सारवलेल्या जमिनीची फरशीने घेतली आहे. अशा परिस्थितीत प्रमाण, स्थळ, दिनांक व प्रकाशस्थिती यांच्या नोंदींसह केलेला पोतसंग्रह हा चित्रकाराच्या सोयीचा साठा न राहता पृष्ठभागांचे दप्तर ठरतो. या नोंदी नसलेले सुंदर चित्र दृश्य सजविण्यास उपयोगी पडते, पण अभ्यासास नाही.

हक्क व टिकाऊपणा : भारतात १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार छायाचित्र ही कलाकृती मानली जाते, म्हणून छायाचित्रावरून केलेल्या पोतावर तो टिपणाऱ्याचा हक्क पोहोचतो. विकत मिळणाऱ्या संग्रहांत दृश्यात वापर करण्यास मुभा असली, तरी मूळ धारिका इतरांस वाटण्यास बहुधा मनाई असते. याउलट पॉली हेवन व अँबियंटसीजी यांसारख्या संग्रहांनी आपले नमुने सर्व हक्क सोडून देणाऱ्या सीसी-शून्य या घोषणेखाली खुले केले आहेत. शाळा, महाविद्यालये, वस्तुसंग्रहालये यांना असे नमुने निर्धास्तपणे वापरता येतात व त्यांत भरही घालता येते. नमुना टिपताना त्याचा परवाना धारिकेसोबतच लिहून ठेवला नाही, तर पुढे तो वापरण्याजोगा आहे किंवा नाही हे ठरविणे कठीण होते.

धारिकेचे आयुष्य तिच्या स्वरूपावर अवलंबून असते. एकाच कंपनीच्या आज्ञावलीत उघडणारे व रचना जाहीर नसलेले स्वरूप त्या आज्ञावलीबरोबर निरुपयोगी होण्याचा संभव असतो. पीएनजी, टिफ, ओपन-ईएक्सआर यांसारख्या जाहीर रचनेच्या स्वरूपांसाठी वाचक-आज्ञावली पुन्हा लिहिता येते. म्हणून जतनासाठी मूळ छायाचित्रे, त्यांवरून केलेली चित्रे व मजकुराच्या रूपातील वर्णन ही तिन्ही खुल्या स्वरूपात ठेवावीत आणि कुंचले व गठ्ठे ही कामाची साधने म्हणून वेगळी ठेवावीत, ही पद्धत सोयीची ठरते. भिंत पडल्यावर किंवा तिच्यावर नवा गिलावा चढल्यावर नमुना पुन्हा टिपता येत नाही. आज्ञावली मात्र बदलत राहतात. म्हणून संग्रहाची आखणी आज्ञावलीच्या सोयीपेक्षा पृष्ठभागाच्या नोंदीस प्राधान्य देऊन करणे आवश्यक आहे.